हरायलासुद्धा संघ लागतो

ऑगस्ट १९७१. तुम्ही अमेरिकेतल्या वेस्ट व्हर्जिनियात, ओहायो नदीकाठच्या हंटिंग्टन गावात आहात. मार्शल युनिव्हर्सिटीच्या मैदानावर फुटबॉलचा सराव चाललाय. लांबट चेंडू हातात धरून पळायचं, समोरच्या अकरांच्या धडका झेलत चार खेपांत दहा यार्ड पुढे सरकायचं, नाहीतर चेंडू त्यांच्या हवाली करायचा, असा हा खेळ. तो ताकदवान, तयार गड्यांचा. तुमच्यासमोर मात्र धड मिसरूड न फुटलेली पोरं आहेत. काही जण तर काल-परवापर्यंत बास्केटबॉल खेळत होते.

मोठी पोरं कुठे गेली, हे इथे कुणी कुणाला विचारत नाही. १४ नोव्हेंबर १९७० ला ईस्ट कॅरोलायनाशी १४-१७ असा सामना हरून संघ विमानानं परतत होता. धावपट्टी थोडक्यात राहिली आणि विमान टेकडीवर आदळलं. ७५ जण गेले. त्यात ३७ खेळाडू, मुख्य प्रशिक्षक रिक टॉली आणि त्यांचे सहकारी, गावातले डॉक्टर, संघाचे पाठीराखे, त्यांच्या बायका. स्प्रिंग हिलच्या दफनभूमीत सहा खेळाडू शेजारी शेजारी निजलेत. त्यांची ओळख पटवता आली नाही.

आता मैदानावरच्या त्या माणसाकडे बघा. जॅक लेंग्येल. ओहायोतल्या वूस्टर या छोट्या कॉलेजातून आलेला नवा प्रशिक्षक. आधी नेमलेले गृहस्थ काही दिवसांतच माघारी गेले होते. लेंग्येल मार्चमध्ये आले, तेव्हा संघच नव्हता. त्यांच्या शेजारी रेड डॉसन उभे आहेत. त्या दिवशी नवे खेळाडू हेरायला मोटारीनं गेले होते, म्हणून वाचले. गेलेल्यांतली कित्येक पोरं त्यांनीच घरोघरी जाऊन, आईबापांना शब्द देऊन आणलेली. मुख्य प्रशिक्षकपद त्यांनी नाकारलंय; थांबणार ते फक्त एक वर्ष.

या मैदानावर एका नियमाची दोन टोकं भेटतात. पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांनी मुख्य संघातून खेळायचं नाही, असा तेव्हाचा नियम. त्यामुळे १९७० ची पहिल्या वर्षाची पोरं त्या विमानात नव्हती; रेजी ओलिव्हर त्यांतलाच. आणि १९७१ मध्ये त्याच नियमातून मार्शलला खास सवलत मिळाली, म्हणून अकरांच्या तुकड्या पुऱ्या होतायत. नियमानं जी पोरं राखली आणि नियम बाजूला ठेवल्यावर जी मिळाली, त्यांचा हा संघ. दुखापतीमुळे त्या प्रवासाला न गेलेला नेट रफिन त्यांचा कर्णधार.

एवढ्या कोवळ्या पोरांनी दांडग्यांशी खेळायचं कसं? लेंग्येल आणि सहकारी वेस्ट व्हर्जिनिया युनिव्हर्सिटीत गेले. तिथले प्रशिक्षक बॉबी बाउडन यांनी आपल्या डावपेचांची वही आणि चित्रफिती त्यांच्यापुढे मोकळ्या केल्या. तिथून ‘व्हीअर’ नावाचा डाव आला. त्यात बचाव करणाऱ्या एका गड्याला मुद्दाम कुणी अडवायचंच नाही. तो कुणाच्या अंगावर धावतो, ते क्वार्टरबॅकनं, म्हणजे डाव चालवणाऱ्या गड्यानं, पळता पळता ओळखायचं आणि चेंडू दुसरीकडे वळवायचा. बळ अपुरं असेल तिथे हा डाव नजरेवर चालतो. क्वार्टरबॅक रेजी ओलिव्हरची ती नजर कशी घडतेय, ते तुम्ही उन्हात उभे राहून बघता.

१८ सप्टेंबर. मोरहेडला पहिला सामना, ६-२९ अशी हार. पुढच्या शनिवारी, २५ तारखेला, तुम्ही हंटिंग्टनच्या फेअरफील्ड स्टेडियमवर आहात. समोर झेव्हिअर. मार्शल ९, झेव्हिअर १३. घड्याळात एकाच खेळीपुरता वेळ उरलाय आणि गोलरेषा १३ यार्डांवर. ओलिव्हर चेंडू घेऊन उजवीकडे सरकतो, सगळा बचाव त्याच्यामागे ओढला जातो. तेवढ्यात तो वळून डावीकडे चेंडू टाकतो. पहिल्या वर्षाचा टेरी गार्डनर तो झेलतो, पुढे वाट मोकळी, आणि गार्डनर गोलरेषेपार. १५-१३. शेजारचा अनोळखी माणूस तुम्हाला मिठी मारून रडायला लागतो. माणसं मैदानात उतरतात. सामना संपला तरी कुणाला घरी जायचं नाहीये.

इथेच थांबावंसं वाटेल, पण थांबू नका. पुढच्याच सामन्यात मायामी ऑफ ओहायो ६६-६ असं चिरडतं. तीन हंगामांत एकही सामना न हरलेला टोलिडो ४३-० नं हरवतो. अधेमधे, माजी विद्यार्थी परत येतात त्या ‘होमकमिंग’च्या सामन्यात, बोलिंग ग्रीनवर १२-१० असा एक विजय. बाकी नुसता मार. हंगामाचा हिशेब: २ विजय, ८ पराभव.

या हंगामाची गोष्ट सांगणारे बहुधा झेव्हिअरच्या सामन्यापाशी रेंगाळतात. मला ६६-६ तितकाच मोलाचा वाटतो. आनंदाच्या भरात एक सामना जिंकता येतो. पण साठ गुणांनी हरल्यानंतर सोमवारी पुन्हा बूट चढवायला संघ असावा लागतो. हरायलासुद्धा संघ लागतो. गेल्या हिवाळ्यात इथे तो नव्हता, आणि हा खेळच बंद करावा म्हणणारेही होते. लेंग्येल यांच्यापुढचं खरं काम ठरलेल्या तारखेला, ठरलेल्या मैदानावर मार्शलच्या नावाचे अकरा जण उभे करणं हे होतं. ते काम दहाच्या दहा वेळा झालं.

तुम्ही पुढच्या काळातून आलात, म्हणून तुम्हाला माहीत आहे. लेंग्येल चार हंगाम राहतील आणि त्यांच्या नावावर ९ विजय, ३३ पराभव लागतील. विजय पराभवांपेक्षा जास्त, असा हंगाम बघायला गावाला १९८४ उजाडेल. १९९२ मध्ये याच हंटिंग्टनमध्ये मार्शल आपल्या श्रेणीचं राष्ट्रीय विजेतेपद जिंकेल. गॅलरीत बसलेल्या एखाद्या बाईला, दमलेल्या रफिनला हे सांगावं, असा मोह तुम्हाला होईल.

सांगू नका, त्यांना त्याची गरज नाही. पुढे कधीतरी जिंकू म्हणून ही पोरं आज मार खात नाहीयेत. जे गेले त्यांचा खेळ आपल्या हातून बंद पडू नये, एवढ्यासाठी ती उतरली आहेत. ते १९७१ मध्येच साधलं. त्या वर्षाची किंमत ठरवायला १९९२ ची साक्ष काढावी लागत नाही. कोष्टकात २-८ लिहिलंय, ते तसंच राहू द्या. शेजारी खुलासा जोडू नका. त्या दोन आकड्यांची बेरीज दहा होते, आणि त्या वर्षी मार्शलला दहाच सामने खेळायचे होते.