बॅलार्ड पिअरचा धक्का

माझे वडील गोदीत कारकून होते, त्यामुळे बॅलार्ड इस्टेट मला आधी कळली ती मातीच्या हिशेबातून. अलेक्झांड्रा डॉक, म्हणजे आजची इंदिरा गोदी, खणताना निघालेली माती समुद्रात टाकून सुमारे 22 एकर जमीन तयार झाली, आणि त्यावर जॉर्ज विटेटच्या देखरेखीखाली एकसारख्या दगडी इमारती उभ्या राहिल्या. जवळच्या धक्क्याला नाव मिळालं पोर्ट ट्रस्टचे संस्थापक कर्नल बॅलार्ड यांचं.

त्या काळची सोय बघा. विलायतेची टपाल-बोट धक्क्याला लागली की शेजारीच बॅलार्ड पिअर मोल स्टेशन. 1928 साली फ्रंटियर मेल सुरू झाली तेव्हा बोटीवरून उतरलेला साहेब शहरात पाऊल न टाकता थेट पेशावरच्या गाडीत बसायचा. हमाल, ट्रंका, कस्टमची खडूची खूण, सगळा कारभार शिडीपासून डब्यापर्यंत. गोलमेज परिषदेहून गांधीजी 28 डिसेंबर 1931 रोजी ‘पिल्स्ना’ने परतले, तेही याच धक्क्यावर.

विमानं आली आणि बोटीचा प्रवास संपला. आता तिथे नवं क्रूझ टर्मिनल आहे. सप्टेंबर 2025 मध्ये त्याचं उद्घाटन झालं. इमारत देखणी आहे, मला आवडली. पण कोकणातला माणूस बोटीसाठी जायचा तो भाऊच्या धक्क्यावर, वळकटी नि करंड्या घेऊन. या नव्या टर्मिनलवरून रत्नागिरी, मालवणची परवडणारी बोट सुटावी, असं मला फार वाटतं.