कलम ३५ आणि वर गेलेले हात

अविश्वास ठराव मंजूर झालेला सरपंच माझ्याकडे येतो तेव्हा आधी कारणं सांगतो. पाण्याच्या टाकीचं बिल, भावकीतलं भांडण, मागच्या जिल्हा परिषदेला कोणी कोणाचं काम केलं. मी ऐकून घेते आणि विचारते, "नोटीस कोणत्या तारखेला हातात पडली? पंचनाम्यावर पंच कोण?" तो माझ्याकडे असा बघतो, की या बाईला गावातलं काहीच कळत नाही.

पण कायद्याला गावातलं कळून घ्यायचंच नसतं. गुजरातमधल्या एका नगरपालिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्येच सांगून टाकलं, की निंदाव्यंजक ठरावाला आरोप लागतो, अविश्वास ठरावाला तो लागतोच असं नाही. विश्वास उडाला, एवढं पुरतं. मला हे योग्यच वाटतं. टाकीच्या बिलाचा खरेखोटेपणा जिल्हाधिकारी तपासत बसले, तर सरपंचाची मुदत संपेल आणि निकाल मग येईल.

म्हणून सगळी लढाई पद्धतीवर येते. १९५८ च्या ग्रामपंचायत अधिनियमातलं कलम ३५ तसं आटोपशीर आहे. ठरलेल्या किमान संख्येइतक्या सदस्यांनी तहसीलदारांना नोटीस द्यायची; त्यांनी सात दिवसांत विशेष सभा बोलवायची आणि अध्यक्षस्थानी स्वतः बसायचं. ज्याच्यावर ठराव आहे त्याला सभेत बोलण्याचा आणि मत देण्याचाही हक्क. ठराव मान्य नसेल तर सात दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे विवाद अर्ज, त्यावर आयुक्तांकडे अपील, आणि तिथेही जमलं नाही तर रिट घेऊन उच्च न्यायालय.

नोटीस आणि सभा यांमधल्या सात दिवसांत गावात काय चालतं ते कलमात लिहिलेलं नाही. सह्या केलेले सदस्य गाडीत घालून सहलीला नेले जातात, फोन बंद. इकडे कोतवाल सभेची नोटीस घेऊन कुलूपबंद घरासमोर उभा. मग दारावर नोटीस चिकटवायची, दोन पंचांच्या सह्या घ्यायच्या. त्या पंचांतला एक नेमका विरोधी गटाचा चुलतभाऊ निघतो आणि माझ्या अर्जाचा पहिला मुद्दा तयार होतो. सभेच्या सकाळी गाडी थेट पंचायतीच्या दारात येते, हात वर होतात, पुन्हा गाडी.

हात किती, यावरही भांडण. सात सदस्यांत दोन-तृतीयांश म्हणजे चार पूर्णांक दोन-तृतीयांश. माणूस अपूर्णांकात येत नाही, तेव्हा पाच हवेत. पद महिलेसाठी राखीव असेल आणि त्यावर महिला असेल, तर तीन-चतुर्थांश, म्हणजे सहा. हा फरक कोणी मेहेरबानी म्हणून केला नाही. १९९३ मध्ये लागू झालेल्या ७३ व्या घटनादुरुस्तीने बायका खुर्चीवर आल्या. ती खुर्ची हलवायला लागणारे हात जमवणं गावातल्या पुरुषांना मुळीच अवघड नव्हतं.

निवडणार कोण आणि काढणार कोण, हा प्रश्न मात्र आपल्याआधी उत्तर प्रदेशाने न्यायालयात नेला. तिथे प्रधान थेट गावाच्या मतांनी निवडला जातो. त्याला काढण्याचा अधिकार आधी ग्रामसभेचा होता. १९९४ च्या दुरुस्तीने तो पंचायतीच्या सदस्यांना मिळाला. अख्ख्या गावाने बसवलेला माणूस मूठभरांनी उठवायचा का? सर्वोच्च न्यायालय म्हणालं, चालेल, तेही लोकांनीच निवडलेले आहेत. पुढे २०१० मध्ये भानुमती खटल्यात वरच्या स्तरावरच्या पंचायतींचा प्रश्न आला. संविधानाच्या पंचायतविषयक भागात अविश्वासाचा शब्दही नाही, मग राज्याला असा कायदा करता येतो का? न्यायालयाने त्या मौनाचा अर्थ मनाई असा घेतला नाही.

महाराष्ट्राने २०१७ मध्ये थेट सरपंच आणला तेव्हा वेगळी वाट धरली. पहिली दोन वर्षं ठरावच नाही. नंतर तीन-चतुर्थांश सदस्य, आणि त्यावर विशेष ग्रामसभेत गुप्त मतदानाने शिक्कामोर्तब. २०१९ च्या अखेरीस सरकार बदललं, २०२० मध्ये थेट निवड गेली. २०२२ मध्ये पुन्हा सरकार बदललं, थेट निवड परत आली. मुंबईत खुर्च्या फिरल्या की आमच्या तालुक्यात एकाच रस्त्यावरच्या दोन गावांना दोन वेगळे नियम लागू होतात, आणि पक्षकाराला हे समजावताना माझी दमछाक होते.

ठराव अवघड झाला तसे विरोधकही शहाणे झाले. आता माझ्या टेबलावर कलम १४ चे अर्ज जास्त येतात: तिसरं अपत्य, सरकारी जागेवरचं अतिक्रमण. तिथे हात मोजावे लागत नाहीत. एकट्या माणसाचा अर्ज आणि जुना सातबारा पुरतो. जळगाव जिल्ह्यातल्या विचखेड्याच्या महिला सरपंचांना अतिक्रमणाच्याच मुद्द्यावर पद सोडावं लागलं होतं. २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पद परत दिलं, आणि निवडून आलेल्या ग्रामीण बाईला काढणं यंत्रणेने इतकं सहज घेऊ नये असंही सुनावलं. त्या निकालाची प्रत मी आता प्रत्येक लेखी जबाबाला जोडते.