एकोणचाळीस मिनिटांचा तंटा

विज्ञानकथांत काळाशी छेडछाड करणाऱ्यांना आवरायला करार असतात. 'स्टार ट्रेक'मध्ये तर भूतकाळात जाऊन ढवळाढवळ करू नये, असा रीतसर समझोताच आहे. खऱ्या जगातले राजदूत ऑक्टोबर १८८४ मध्ये वॉशिंग्टनला जमले ते साध्या प्रश्नासाठी: घड्याळ कुठून मोजायचं? पंचवीस देशांपैकी बावीसांनी ग्रीनिचला कौल दिला, सॅन डोमिंगोने विरोध केला, फ्रान्स आणि ब्राझील तटस्थ राहिले. ठराव मात्र कुणावर बंधनकारक नव्हता. फ्रान्सने १९११ मध्ये वेळ बदलली तीही 'पॅरिसची वेळ, नऊ मिनिटं एकवीस सेकंद मागे' अशा शब्दांत. ग्रीनिचचं नाव घ्यायचं नाही म्हणजे नाही!

असाच हट्ट मुंबईनेही धरला होता.

ज्या गावाच्या डोक्यावर सूर्य आला, त्या गावाचे बारा वाजले, हा जुना हिशेब. एका रेखांशाला चार मिनिटं. त्यामुळे मुंबईची वेळ ग्रीनिचच्या चार तास एकावन्न मिनिटं पुढे होती, मद्रासची पाच तास एकवीस मिनिटं. आगगाड्या मद्रासच्या वेळेने धावत. १८८१ च्या अखेरीस गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी तीच वेळ मुंबईवर लादली. लोकांनी ती जुमानली नाही आणि १८८३ मध्ये सरकारला हुकूम मागे घ्यावा लागला.

१ जानेवारी १९०६ पासून साडेपाच तासांची 'स्टँडर्ड टाइम' आली. ती साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशावरची, म्हणजे मिर्झापूरच्या आसपासची. मुंबईचं घड्याळ एकोणचाळीस मिनिटं पुढे ढकललं गेलं. कागदावर फरक किरकोळ, पण गिरणीत जाणाऱ्याला विचारा! जानेवारीत मुंबईत सूर्य उगवतो जुन्या वेळेने साधारण साडेसहाला. नव्या घड्याळाने सहाला भोंगा झाला, तर जुन्या हिशेबाने ते पाच वाजून एकवीस मिनिटं. त्याआधी उठून, नळावर रांग लावून, भाकरी बांधून चाळीतून निघायचं ते मिट्ट काळोखात. त्याच महिन्यात हजारो गिरणी कामगारांनी काम नाकारलं आणि गिरण्यांवर दगडफेक झाली.

शहरातल्या शिकलेल्या मंडळींचा राग निराळा होता. बंगालच्या फाळणीला काही महिनेच झाले होते, स्वदेशीचं वारं होतं. सरकारने लोकांना विश्वासात घेतलं नाही, हा महापालिकेतले नेते फिरोजशहा मेहता यांचा मुद्दा होता.  महापालिकेने आपली घड्याळं मुंबईच्या वेळेवरच ठेवली.

मग सुरू झाला दुहेरी कारभार. गाडी पकडायची स्टेशनच्या घड्याळाने, सभेला जायचं तर आधी 'कोणता टाइम?' हे विचारायचं. असं एकाच शहरात दोन वेळा सांभाळणं जवळजवळ पन्नास वर्षं चाललं. कलकत्त्यानेही आपली वेगळी वेळ ठेवली होती, ती १९४८ मध्ये सोडली. मुंबई मात्र १९५५ पर्यंत अडून बसली. तोवर गोरे जाऊनही आठ वर्षं झाली होती, म्हणजे हट्ट नुसता साहेबाशी नव्हता.

मुंबईतल्या काही अग्यारींत आजही जुनीच वेळ पाळतात. पारशी प्रार्थनेचे दिवसातले पाच 'गाह' सूर्यावर ठरतात, आणि मुंबईचा सूर्य डोक्यावर येतो तो वर्षातले बहुतेक दिवस सरकारी घड्याळात साडेबारा टळून गेल्यावर.