रेणू सलुजा

रेणू सलुजा (५ जुलै, १९५२ - १६ ऑगस्ट, २०००) या भारतीय चित्रपट संकलक होत्या. संकलनाचे क्षेत्र बहुतांशी पुरुषांच्या हाती असताना त्यांनी त्यात स्वतःचे स्थान निर्माण केले. सर्वोत्कृष्ट संकलनाचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार त्यांना चार वेळा मिळाला.

शिक्षण

सलुजा यांना दिग्दर्शन शिकायचे होते. परंतु पुण्याच्या भारतीय चित्रपट आणि दूरचित्रवाणी संस्थेत त्या अभ्यासक्रमाला प्रवेश न मिळाल्याने त्यांनी संकलनाचा अभ्यासक्रम निवडला. १९७६ मध्ये त्यांनी तो पूर्ण केला. सईद मिर्झा, कुंदन शाह आणि विधू विनोद चोप्रा हे त्याच दशकात संस्थेत शिकत होते. पुढे या तिघांच्याही चित्रपटांचे संकलन सलुजा यांनी केले. चोप्रा हे त्यांचे पती होते. विभक्त झाल्यानंतरही दोघांनी एकत्र काम केले.

कारकीर्द

मिर्झा यांच्या 'अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है' (१९८०) या चित्रपटापासून त्यांची व्यावसायिक कारकीर्द सुरू झाली. १९८३ मध्ये त्यांनी संकलित केलेले दोन भिन्न प्रकृतीचे चित्रपट प्रदर्शित झाले. गोविंद निहलानी यांचा 'अर्धसत्य' हा श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' या मराठी कथेवर आधारित असून त्याची पटकथा विजय तेंडुलकरांची होती. कुंदन शाह यांचा 'जाने भी दो यारों' हा उपहासात्मक विनोदी चित्रपट होता. त्याचे चित्रीकरण आवश्यकतेपेक्षा बरेच अधिक झाले होते. अंतिम संकलनात अनुपम खेर यांची संपूर्ण भूमिका वगळण्यात आली.

'परिंदा' (१९८९) या गुन्हेगारीपटात कबुतरांनी भरलेल्या चौकात होणाऱ्या हत्येचे दृश्य आहे. गोळीबार आणि पक्ष्यांची फडफड यांच्या जलद आलटून-पालटून येणाऱ्या प्रतिमांमुळे ते विशेष परिणामकारक ठरते.

समांतर आणि व्यावसायिक अशा दोन्ही प्रवाहांत त्यांनी काम केले. 'बँडिट क्वीन' व '१९४२: अ लव्ह स्टोरी' (दोन्ही १९९४), 'परदेस' (१९९७) आणि 'हे राम' (२०००) हे त्यांचे अन्य उल्लेखनीय चित्रपट होत. नागेश कुकुनूर यांच्या 'हैदराबाद ब्लूज' (१९९८) या पहिल्याच चित्रपटाचे संकलनही त्यांचेच होते. अशा रीतीने, मोठ्या निर्मितींबरोबरच नवोदितांच्या अल्पखर्ची इंग्रजी चित्रपटांनाही त्यांच्या अनुभवाचा लाभ झाला.

राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार (सर्वोत्कृष्ट संकलन)

* १९८९ - परिंदा
* १९९१ - धारावी
* १९९३ - सरदार
* १९९८ - गॉडमदर

'परिंदा' आणि '१९४२: अ लव्ह स्टोरी' या चित्रपटांसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कारही मिळाले.

निधन आणि वारसा

कर्करोगाने मुंबईत वयाच्या ४८व्या वर्षी त्यांचे निधन झाले. सुधीर मिश्रा दिग्दर्शित 'कलकत्ता मेल' (२००३) हा त्यांनी काम केलेला चित्रपट त्यांच्या मृत्यूनंतर प्रदर्शित झाला. चित्रपट संस्थेच्या माजी विद्यार्थ्यांच्या संघटनेने त्यांच्या कार्यावर 'इन्व्हिजिबल' हे इंग्रजी पुस्तक प्रकाशित केले. 'अदृश्य' या अर्थाचे हे शीर्षक संकलनाचे स्वरूपच सूचित करते: प्रेक्षकाला कथा अखंड वाटते आणि तिच्यामागची काटछाट त्याच्या ध्यानात येत नाही.