नवापूरचे विणकर आणि लंडनचा बाजार

१/ नवापूर म्हटले की निम्मे महाराष्ट्रात व निम्मे गुजरातेत असलेले रेल्वे स्थानक आठवते. सतराव्या शतकातील फ्रेंच प्रवासी ताव्हेर्निए मात्र हे गाव विणकरांनी भरलेले असल्याचे नोंदवतो. (येथील सुवासिक तांदळावर तो अधिक खूश होता, हेही खरे!)

२/ सुरत–बुऱ्हाणपूर हा व्यापारी मार्ग नवापूर, नंदुरबार, थाळनेर, चोपडा असा जाई. बुऱ्हाणपूरचे तलम कापड इराण, तुर्कस्तान आणि पार पोलंडपर्यंत पोहोचत असे. सुरतेस वखारी थाटलेले इंग्रज व डच याच कापडासाठी परस्परांशी स्पर्धा करीत.

३/ १६३० साली पावसाने दगा दिला. त्या नोव्हेंबरात इंग्रज कंपनीचा पीटर मंडी सुरतेहून आग्र्यास निघाला. नंदुरबारपर्यंतची वाट प्रेतांनी भरलेली त्याने पाहिली. जनावरांच्या शेणातून धान्याचे दाणे वेचणारी माणसे पाहिली. पुढच्या वर्षी अतिवृष्टीने उरलेसुरले पीक गेले. विणकर मेले किंवा परागंदा झाले, माग थांबले.

४/ लंडनचा ग्राहक मात्र थांबणार नव्हता. १६३३ मध्ये इंग्रज ओडिशाच्या किनाऱ्यावर हरिहरपूर व बालासोर येथे, १६३५ मध्ये सिंधमधील ठट्टा येथे पोहोचले. १६३९ मध्ये मद्रासची जागा मिळाली. या हालचालींमागे दुष्काळ हे एकमेव कारण नव्हते, परंतु एकाच प्रदेशावर विसंबण्याचा धोका व्यापाऱ्यांना पुरता कळला होता. गुजरात–खानदेशचा विणकर आता कोरोमंडल व बंगालच्या विणकराचा प्रतिस्पर्धी ठरला. त्या दोघांनी एकमेकांना कधी पाहिलेही नसेल.

५/ आपण वस्त्रोद्योगाच्या ऱ्हासाची कथा थेट मँचेस्टरपासून सुरू करतो. मला हे अपुरे वाटते. पुरवठादार बदलण्याची सोय खरेदीदाराच्या हाती गिरण्यांच्या कितीतरी आधी आली होती.

६/ १६८४ साली इंग्रज कंपनीने भारतातून दहा लाखांहून अधिक ठाण नेले. अठराव्या शतकाच्या आरंभी त्यात बंगाल अग्रेसर झाला. तिकडे इंग्लंडमधील लोकर व रेशीम विणणारे संतापले; १७०० आणि १७२१ च्या कायद्यांनी छापील सुती कापड वापरण्यावर तेथे बंदी आली.

७/ आणि नवापूर? ताव्हेर्निएचा ग्रंथ १६७६ चा, त्याचे भारतातील प्रवासही दुष्काळानंतरचे. म्हणजे ज्या वाटेवर मंडीने प्रेते पाहिली, त्याच वाटेवर काही वर्षांनी माग पुन्हा चालू होते.