मलानी, नलिनी

(१९४६ – ). चित्र, चलत्‌चित्र, छायाखेळ व मांडणशिल्प ही माध्यमे एकत्र आणणाऱ्या भारतीय चित्रकर्ती. जन्म कराचीचा. फाळणीमुळे कुटुंब आधी कोलकात्यास आणि पुढे मुंबईस आले. कराची सुटली तेव्हा नलिनी तान्ह्याच होत्या. त्यामुळे फाळणी त्यांना कळली ती घरातल्या मोठ्यांच्या बोलण्यातून. दुसऱ्याच्या तोंडून आलेली अशी आठवण हाच त्यांच्या पुढील कामाचा कच्चा माल ठरला.

मुंबईच्या सर ज. जी. कलाशाळेतून त्यांनी १९६९ मध्ये पदविका घेतली. त्याच सुमारास अकबर पदमसी यांनी सुरू केलेल्या ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’मध्ये त्यांना कॅमेरा हाताळायला मिळाला. नव्या वास्तुरचनेच्या छोट्या प्रतिकृतीवर रंगीत प्रकाश टाकून केलेला ‘ड्रीम हाउसेस’ हा लघुपट तेव्हाचा. पुढे १९७६ मध्ये त्याच्या शेजारी एक कृष्णधवल पट्टी आली : उंच इमारतीतून खालच्या झोपडपट्टीकडे पाहणारी तरुणी. या जोडपटाचे नाव ‘युटोपिया’. स्वातंत्र्योत्तर स्वप्नाचा हिशेब इतक्या कमी सामग्रीत क्वचितच मांडला गेला असेल.

मधली बरीच वर्षे चित्रांत गेली. मुंबईच्या लोहार चाळीतल्या स्टुडिओभोवतीची माणसे त्यांच्या कागदांवर उतरली. काचेवर उलट बाजूने रंगवण्याची रीत त्यांनी भूपेन खक्करांकडून उचलली. १९९२ च्या ‘सिटी ऑफ डिझायर्स’मध्ये त्यांनी गॅलरी केमोल्डच्या भिंतींवरच चित्रे काढली आणि प्रदर्शन संपताच ती पुसली गेली. विकता न येणारे चित्र काढणे हा तेव्हाच्या कलाबाजारात सरळसरळ हट्टच होता.

त्यांची सर्वांत भेदक कृती, प्रस्तुत लेखकाच्या मते, ‘रिमेम्बरिंग टोबा टेकसिंग’ (१९९८). सआदत हसन मंटो यांच्या फाळणीकथेला मे १९९८ च्या पोखरण अणुचाचण्यांची जोड येथे मिळते. खोलीत पत्र्याच्या ट्रंका उघड्या ठेवलेल्या. निर्वासितांनी जवळ केलेली हीच ती पेटी. आत कपड्यालत्त्यांत बसवलेल्या दूरदर्शन-संचांवर विस्थापितांची दृश्ये चालू असतात. समोरासमोरच्या भिंतींवर दोन स्त्रिया एकाच साडीची घडी घालू पाहतात, पण मधल्या भिंतीवर अणुस्फोट होत असतो आणि घडी काही जमत नाही. प्रेक्षक नेमका या दोघींच्या मध्ये उभा असतो.

‘इन सर्च ऑफ व्हॅनिश्ड ब्लड’ (कासेल येथील डॉक्युमेंटा, २०१२) मध्ये उलट बाजूने रंगवलेली पाच पारदर्शक नळकांडी छताला टांगून संथपणे फिरवली आहेत. त्यांच्यातून प्रक्षेपकांचा झोत गेला, की रंगवलेल्या आकृत्यांच्या सावल्या भिंतींवरच्या चलत्‌चित्रांवर चढतात. शीर्षक फैज अहमद फैज यांच्या कवितेवरून घेतलेले आहे. ग्रीक पुराणातील कसांड्रा येथे येते. खरे सांगूनही जिच्यावर कोणी विश्वास ठेवत नाही, अशी ही द्रष्टी मलानींच्या कामात वारंवार भेटते. मिथकांचा हा गर्दीचा वावर कधीकधी प्रेक्षकाला दमवतो, हेही खरे.

अलीकडे त्या आयपॅडवर बोटाने रेखाटने करून चलत्‌चित्रे रचतात. पॅरिसच्या पॉम्पिदू केंद्रात २०१७ मध्ये त्यांचे सिंहावलोकनी प्रदर्शन भरले. ज्वान मिरो पुरस्कार (२०१९) आणि क्योतो पुरस्कार (२०२३) हे त्यांना मिळालेले प्रमुख सन्मान.