बिदरी कारागिराचा चेहरा

बिदरीचा, म्हणजे काळ्या धातूवर चांदी जडवण्याच्या बिदरच्या कलेचा, इतिहास आपण वस्तूंचा लिहिला, माणसांचा लिहायचा राहिला. 1851च्या लंडनच्या महाप्रदर्शनात बिदरी मांडली गेली, पुढे हुक्क्याच्या बैठका, सुरया, पानदाने संग्रहालयांत जाऊन बसली, त्यांच्या नक्षीवर ग्रंथ झाले. पण घडवणाऱ्याचे नाव कोरलेला जुना नग विरळाच. कॅमेरा आल्यावर ही उणीव भरून निघायला हवी होती. मात्र 1868 ते 1875 या काळात आठ खंडांत निघालेल्या ‘द पीपल ऑफ इंडिया’ या छायाचित्रसंग्रहाने माणसे टिपली ती जाती-जमातींचे नमुने म्हणून. बिदर ज्यात होते त्या निजामाच्या राज्यात तर लाला दीनदयाळांसारखा थोर छायाचित्रकार होता, सहाव्या निजामाने त्यांना ‘राजा मुसव्विर जंग’ हा किताबही दिला. त्यांच्या कॅमेऱ्यासमोर नावानिशी, मानाने बसले ते मुख्यतः अमीर-उमराव. चेहऱ्याखाली नाव असणे ही तेव्हा दर्जाची खूण होती, आणि ती रीत कारखान्यातल्या माणसापर्यंत झिरपलीच नाही.

कोणी म्हणेल, बिदरी ही अनेक हातांची कला. तिथे एकट्याचे व्यक्तिचित्र काढणे हाच अन्याय. आक्षेपात तथ्य आहे. जस्त आणि थोडे तांबे वितळवून एक जण ओतीव काम करतो, दुसरा कानशीने पृष्ठ गुळगुळीत करतो. मोरचुदाने ते तात्पुरते काळे केले की नक्षीवाला त्यावर मोकळ्या हाताने रेघा ओढतो, मग त्या कोरून त्यांत चांदीची तार ठोकून बसवली जाते. शेवटी बिदरच्या किल्ल्यातली माती आणि नवसागर यांच्या लेपाने धातू कायमचा काळा होतो, चांदी मात्र उजळच राहते. पण हात अनेक असतील तर चेहरेही अनेक हवेत, एकही नको असे त्यातून कसे निघते? आजवर छायाचित्रे बहुधा हातांची निघाली. छिन्नी धरलेली बोटे सुंदर दिसतात खरी, पण बोटांवरून माणूस कोण ते कळत नाही. 2023 साली शाह रशीद अहमद कादरी यांना पद्मश्री मिळाली आणि एक बिदरी कारागीर देशाला नावाने व चेहऱ्याने माहीत झाला. हा मान फार उशिरा आला, आणि तो त्या साखळीतल्या एकाच कडीला मिळाला. म्हणून बिदरला कॅमेरा घेऊन जाणाऱ्याला एवढीच विनंती: ओतणाऱ्याचे, कानस मारणाऱ्याचे, लेप लावणाऱ्याचेही नाव विचारा, त्याची संमती घ्या, आणि ते नाव चित्राखाली लिहा.